चाळीस पिशव्या झाल्या की गाणं

बाभुळगावच्या बाजार समितीच्या शेडमध्ये होणाऱ्या उकंडा मनवरांच्या कार्यक्रमाला तिकीट नसतं. दारात एक टेबल असतं आणि टेबलापलीकडे रक्तपेढीच्या सहा खाटा. रक्त दिलं की खुर्ची मिळते. ज्यांना देता येत नाही, म्हणजे वय कमी, वजन कमी, कसली तरी औषधं चालू, त्यांनी दोरीच्या मागे उभं राहायचं. याला अपवाद नाही. एक माजी सभापती इन्सुलिन घेत होते म्हणून तीन तास दोरीमागे उभे राहिले.

दुसरा नियम असा, की चाळीस पिशव्या भरेपर्यंत गाणं सुरू होत नाही. तोवर मनवर स्टेजवर एकटे बसतात आणि सागवानाच्या दोन जाड काड्या एकमेकींवर वाजवतात. आधी तीन ठोके, मग दोन, मधली अंतरं असमान. पुन्हा तेच. चाळीस पिशव्यांना कधी दीड तास लागतो, कधी अडीच. मागून पोरं ओरडतात, "उकंडाभाऊ, आतून कडी लावली वाटते. किती ठोकसान दरवाजा?" मनवर हसत नाहीत आणि थांबतही नाहीत. चाळिसावी पिशवी भरली की खाटेजवळची नर्स हात वर करते. मग त्याच ठोक्यांवर तुंबा नावाचा ढोल येतो, तुंब्यावर गिटार, आणि मोबाइलवर रोज ऐकलेलं सिनेमातलं एखादं चालू गाणं अशा काही चालीनं सुरू होतं, की पहिली ओळ संपेपर्यंत लोकांना ते ओळखू येत नाही.

मनवर आता अठ्ठावन्न वर्षांचे आहेत. त्यांच्या आधीची दोन भावंडं चार वर्षांची व्हायच्या आत गेली. तिसरं जगावं म्हणून जन्मल्याबरोबर त्यांना उकिरड्यावर ठेवून उचललं आणि नाव उकंडा ठेवलं. घराण्यानं धम्म स्वीकारून दहा वर्षं झाली होती, तरी ठेवलं. भावंडं कशानं गेली हे कुणाला माहीत नव्हतं. हातपाय सुजायचे, डोळे पिवळे व्हायचे, रात्रंदिवस रडायची, एवढंच त्यांच्या आईनं सांगून ठेवलेलं.

वडील बँड पार्टीत होते. मनवर तेराव्या वर्षी झांज घेऊन त्यात गेले, मग ढोलावर आले, आणि पुढे यवतमाळच्या एका ऑर्केस्ट्रात तुंबा वाजवू लागले. तुंबा म्हणजे कमरेएवढा उंच, पिंपासारखा ढोल, उभा ठेवून दोन्ही पंजांनी वाजवायचा. हिंदी सिनेमाच्या गाण्यांत तो कायम असतो. लोकांना ऐकू येतो, पण नाव माहीत नसतं. ऑर्केस्ट्रा बंद पडला तेव्हा सिंथेसायझर आणि स्पीकर लोकांनी वाटून घेतले. तुंब्यांची जोडी कुणालाच नको होती. मनवरांनी ती एसटीच्या टपावर टाकून घरी आणली.

त्याच सुमाराला नागपूरला सीताबर्डीच्या फुटपाथवर त्यांना एक कॅसेट मिळाली. वेष्टन फाटलेलं, भाषा कळत नाही, पण वाजतो आहे तो तुंबाच. ऑर्केस्ट्रातला तुंबा गाण्याच्या मागे मागे चालायचा. या कॅसेटवर गाणं तुंब्याच्या मागे चालत होतं, आणि तुंबा त्या दोन काड्यांच्या मागे. हे संगीत क्युबा नावाच्या बेटावरचं, आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या लोकांच्या वंशजांचं, ही माहिती वीस वर्षांनी मुलानं मोबाइलवर शोधून दिली. तोवर कॅसेट झिजून गेली होती आणि मनवरांना ती पाठ होती.

लग्नात त्यांनी ही चाल एकदाच वाजवली, बोरी अरबला. नवरदेवाचे मित्र दोन मिनिटं नाचले आणि थांबून एकमेकांकडे पाहू लागले.

"भाऊ, पाय कुठं टाकाव तेच समजून नाई राह्यलं."

"टाक कुठंबी, पडत नाईस," मनवर म्हणाले.

"सरळ वाजवा नं बाप्पा! लग्न हाय, परीक्षा नाई."

त्यांनी सरळ वाजवलं. पुढची कित्येक वर्षं सरळच वाजवलं.

मनवर आणि विमलताईंना दोन मुलं. मोठी नलू, धाकटा प्रफुल्ल. नलू सहा वर्षांची असताना शाळेत तपासणी झाली आणि तिला लाल कार्ड मिळालं. सिकलसेल. रक्तातल्या गोल पेशी कोयत्यासारख्या वाकतात, बारीक नसांमध्ये अडकतात, आणि जिथे अडकतात तिथे दुखतं. दोष आईबाप दोघांकडून आला तर आजार होतो. एकाकडूनच आला तर माणूस धडधाकट राहतो, फक्त वाहक असतो. त्याला पिवळं कार्ड. घरातल्या बाकी तिघांची कार्डं पिवळी निघाली.

या पट्ट्यात लाल कार्डवाल्यांच्या घरी एक समजूत पक्की आहे. पोर पांढरं पडलं, दुखायला लागलं, की रक्त चढवायचं. त्यात खोटं काही नाही. बाटली लावली की दुसऱ्या दिवशी पोर उठून बसतं. सरकारी रुग्णालयातले डॉक्टर प्रत्येक वेळी रक्त देत नसत. हिचं हिमोग्लोबिन नेहमी सातच असतं, पाणी पाजा, गोळी चालू ठेवा, असं सांगत. मनवरांना ती टाळाटाळ वाटे. मग ते नलूला एका खासगी दवाखान्यात नेत. तिथे कुणी प्रश्न विचारत नव्हतं. रक्त आणा, लावतो. त्या दवाखान्याला बदली रक्तदाते हवे असत, आणि दोन-चार महिन्यांनी दाते आणायचे कुठून, या अडचणीतून २०१३ साली मनवरांनी पहिला कार्यक्रम केला. मंदिरासमोरच्या मोकळ्या जागेत, बँडमधल्या पाच जणांना घेऊन. एकोणीस पिशव्या झाल्या. एक नलूला लागली, अठरा दुसऱ्यांच्या पोरांना.

तो कार्यक्रम सरळ चालीचाच होता. चाल वाकडी झाली प्रफुल्लमुळे. तो अमरावतीला इंजिनिअरिंगला गेला, तिथल्या रॉक बँडमध्ये गिटार वाजवू लागला आणि सुट्टीत घरी आला तो ड्रमसेट घ्यायचा हट्ट घेऊन.

"ड्रम सरळ चालते," मनवर म्हणाले. "नाकासमोर. पोलीस पाटलासारखा."

"आन् तुमचा तुंबा?"

"तो बाजाराले गेलेल्या माणसावानी चालते. इकडं थांबन, तिकडं बोलन, पण घरी वेळेवर येते."

बापलेकांनी ती सुट्टी भांडणात घालवली. मुलानं आणलेली इंग्रजी रॉक गाणी आणि सिनेमातली ताजी गाणी बापानं काड्यांच्या पाच ठोक्यांवर बसवून पाहिली. काही बसली, काही मोडली. लग्नाला ती निरुपयोगी होती. पण रक्त देऊन खुर्चीवर बसलेल्या माणसाला पाय कुठे टाकायचा हा प्रश्न नसतो. त्याला तसंही अर्धा तास बसून राहायला सांगितलेलं असतं. तिथे ती चालली. ढाणकीपासून राळेगावपर्यंत लोक त्याला "तुंबा पार्टी" म्हणू लागले. निवेदन नलू करायची. तब्येत बरी असेल तेव्हा खुळखुळेही वाजवायची. बाकी वेळ ती सेतू केंद्रात दाखल्यांचे अर्ज भरून द्यायची.

एकदा सरकारी रुग्णालयाच्या रक्तपेढीतल्या डॉक्टर प्रेरणा यांनी मनवरांना सांगितलं, की हा आजार आफ्रिकेतही फार आहे आणि गुलामांच्या जहाजांतून तो क्युबापर्यंत गेला.

"म्हणजे हे वाजवणाऱ्याइलेबी दुखत असन," मनवर म्हणाले. "म्हणूनच थे असं वाजवत असतीन."

"तसा काही पुरावा नाही," डॉक्टर म्हणाल्या.

२०२४च्या पावसाळ्यात नलूला चालताना त्रास होऊ लागला. ती सत्तावीस वर्षांची होती. खुब्याच्या हाडाला रक्तच पोचत नव्हतं. हाड आतून मरत चाललं होतं. नागपूरला खुबा बदलायचं ठरलं. ऑपरेशनसाठी तीन पिशव्या तयार ठेवा, असं तिथल्या सर्जननं लिहून दिलं. मनवरांना त्यात काही अवघड वाटलं नाही. तीन पिशव्या म्हणजे त्यांच्या कार्यक्रमाची पहिली दहा मिनिटं.

नोव्हेंबरात रक्तपेढीनं नलूचं रक्त जुळवायला घेतलं. तिचा गट बी पॉझिटिव्ह. फ्रीजमधली एकही पिशवी जुळली नाही. डॉक्टर प्रेरणा यांनी मनवरांना आणि नलूला आत बोलावलं.

"हिला आजवर किती पिशव्या दिल्यात?"

"लिहून नाई ठेवलं, मॅडम. दोन मैन्यानं, तीन मैन्यानं."

"आमच्या नोंदीत नऊच आहेत."

नलूनं दवाखान्याचं नाव सांगितलं.

"तिथे द्यायला कुणी सांगितलं होतं?"

"कोनी कायले सांगन?" मनवर म्हणाले. "पोरगी तडफडून राह्यली तं नेत होतो. इथं देत नव्हते."

डॉक्टरांनी कागदावर गोल काढून समजावलं. गट जुळला तरी रक्ताच्या पेशीवर आणखी बारीक खुणा असतात. दरवेळी परक्या खुणा आत गेल्या की शरीर त्या लक्षात ठेवतं आणि पुढच्या वेळी तसल्या पेशी मारून टाकतं. नलूच्या शरीराला आता इतक्या खुणा पाठ झाल्या होत्या, की जवळजवळ कुणाचंही रक्त तिला चालणार नव्हतं. भावंडाचं जुळण्याची शक्यता असते म्हणून प्रफुल्लचंही तपासलं. जुळलं नाही. शिवाय तो वाहक. जुळलं असतं तरी त्याचं द्यायचं टाळलं असतं.

बाहेर व्हरांड्यात मनवर भिंतीला टेकून उभे राहिले. नलू चाकाच्या खुर्चीत होती.

"बाबा, अख्ख्या तालुक्याचं रक्त माह्या अंगात हाय," ती म्हणाली. "निवडणुकीले उभी राह्यली असती तं बिनविरोध आली असती."

"चूप बस."

"आता काहून चूप बसू? चूप बसाचं तं तवा बसली मी."

खासगी दवाखान्यात चढवलेल्या रक्ताबद्दल ती एवढंच बोलली, असं प्रफुल्ल सांगतो.

कुठे तरी तीन माणसं अशी असतील की ज्यांचं रक्त तिला चालेल, आणि ती शोधायची तर जास्तीत जास्त लोकांचं तपासावं लागेल, असं डॉक्टर म्हणाल्या होत्या. मनवरांनी १५ डिसेंबरचा कार्यक्रम जाहीर केला. गावोगाव फिरून, बौद्धविहारांत, कोलाम आदिवासींच्या पोडांवर म्हणजे वस्त्यांवर, बाजाराच्या दिवशी लाउडस्पीकरवरून. त्या रविवारी बाभुळगावच्या शेडमध्ये खुर्च्या कमी पडल्या. चाळीस पिशव्या पन्नास मिनिटांत झाल्या. पार्टीनं तीन तास वाजवलं. नलूनं खुर्चीत बसून निवेदन केलं आणि आपल्याबद्दल एक अक्षर बोलली नाही. शेवटच्या गाण्याला दोरीमागची पोरं पहिल्यांदाच त्या पाच ठोक्यांवर बरोबर टाळ्या देत होती. एकूण एकशे बारा पिशव्या झाल्या. आजवरचा सगळ्यात मोठा कार्यक्रम.

त्यातल्या नलूला गटानं चालू शकतील अशा एकसष्ट होत्या. तपासायला चार दिवस लागले. एक जुळली.

ती ढाणकीहून बाजारासाठी आलेल्या एका सोयाबीन व्यापाऱ्याची होती. सर्जननं एका पिशवीवर ऑपरेशन करायला नकार दिला, आणि त्यांचं बरोबर होतं. पिशवी नलूच्या नावानं ठेवली गेली. ती बेचाळीस दिवस टिकते. उरलेल्या एकशे अकरा जिल्ह्यातल्या इतर रुग्णांना गेल्या.

९ जानेवारीला नलूला ताप आला आणि छातीत दुखू लागलं. दुसऱ्या दिवशी धाप लागली. सरकारी रुग्णालयात दाखल केलं तेव्हा हिमोग्लोबिन चारच्या खाली होतं. या वेळी डॉक्टरांनीच रक्त मागितलं. ठेवलेली पिशवी लावली. एक दिवस ती बरी वाटली; उठून बसली, विमलताईंकडे दशम्या मागितल्या. अकरा तारखेच्या संध्याकाळी पुन्हा श्वास वाढला. नागपूरच्या रक्तपेढ्यांना फोन गेले. प्रफुल्लनं व्यापाऱ्याला फोन लावला. त्याला रक्त देऊन महिनासुद्धा झाला नव्हता, तरी तो बारा तारखेला सकाळच्या पहिल्या गाडीनं आला. तपासलं तर त्याचंच हिमोग्लोबिन कमी निघालं. "थोडं तरी घ्या," तो म्हणत होता. डॉक्टरांनी घेतलं नाही.

त्या दुपारी रक्तपेढीच्या खिडकीपाशी मनवरांना रामराव आत्राम भेटले. राळेगावकडचे, तुंबा पार्टीत दोनदा रक्त दिलेले. त्यांचा सात वर्षांचा मुलगा पियुष, लाल कार्ड, बालरुग्ण विभागात होता.

"उकंडाभाऊ, बरे भेटले. मॅडमले सांगा नं जरा. पोराले रक्त देऊन नाई राह्यले."

"किती हाय हिमोग्लोबिन?"

"साडेसात. पाय दुखून राह्यले, आंग कापून राह्यलं. सलाईन लावून ठेवलं नुसतं."

"नेहमी किती असते?"

"तेवढंच असते. पण दुखते नं!"

"मंग नोको चढवू. मॅडम सांगते तसं कर. दोन दिवसानं उतरते."

रामराव खिडकीपासून मागे सरले.

"वा रे वा, भाऊ. आम्ही बोलावलं तवा आलो, हात पुढं केला, तुमचे गाणे ऐकले. तुमच्या पोरीले इतके वर्ष चढवलं. आमच्यावर आली तं नोको चढवू?"

"माह्या पोरीले चढवलं म्हणूनच सांगतो. आज तिले लागते आन् एकबी जुळून नाई राह्यलं."

"हे पाहा, जुळत नाई थे तुमचं नशीब. माह्या पोराले जुळते."

"माह्याबी पोरीले जुळत होतं."

रामरावांनी हात जोडले आणि निघून गेले. तासाभरात त्यांनी स्वतःच्या जबाबदारीवर नेतो म्हणून सही केली आणि मुलाला ऑटोत घालून एका खासगी दवाखान्यात नेलं. मनवरांनी त्यांना दारापाशी गाठलं, ऑटोचा दांडा धरला, पुन्हा तेच सांगितलं. ऑटोवाल्यानं हॉर्न वाजवला. पियुष बापाच्या मांडीवर कण्हत होता. मनवरांनी दांडा सोडला.

नलू १३ जानेवारीला सकाळी सव्वाअकराला गेली. तोवर नागपुरात एक पिशवी सापडल्याचा निरोप आला होता. ती दुपारी दोनला पोचणार होती. आली. डॉक्टर प्रेरणा यांनी ती परत पाठवली.

सहाव्या दिवशी घरी जलदान विधी झाला. त्रिशरण-पंचशील, मग दोन भाषणं. तुंबा पार्टीचे सगळे होते. कुणी काही वाजवलं नाही. जेवणं झाल्यावर रामराव आले. त्यांना फोटोपुढे फूल वाहायचं होतं. ते वाहून ते मनवरांजवळ उकिडवे बसले.

"वाईट झालं, भाऊ."

"पियुष कसा हाय?"

रामरावांनी मोबाइल काढला. व्हिडिओत पियुष गल्लीत बॅट घेऊन उभा होता. चेंडू हुकला, त्यानं शिवी हासडली आणि हसला.

"दोन पिशव्या लावल्या. तिसऱ्या दिवशी हे." रामराव म्हणाले. "राग नोका मानू, पण तुम्ही सरकारीतच बसून राह्यले. तिकडं नेलं असतं तं..."

विमलताई उठून आत गेल्या. प्रफुल्ल काही बोलणार होता, मनवरांनी हातानं थांबवलं. त्यांनी व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिला आणि मोबाइल परत दिला.

"पोराले रक्त चढवाची कितवी वेळ होती?"

"चौथी. नाई, पाचवी असन."

"बस."

"चारची गाडी हाय, भाऊ."

"बस म्हणतो नं."

रामराव सतरंजीवर टेकले. मनवरांनी प्रफुल्लकडून एक वही मागवली. गेल्या पाच दिवसांत बापलेकांनी दवाखान्याच्या चिठ्ठ्या, कार्यक्रमांच्या तारखा आणि विमलताईंची आठवण यांवरून नलूला दिलेल्या सगळ्या पिशव्यांची यादी केली होती. ती सत्तावन्नपर्यंत आली होती आणि अजून पुरी नव्हती. मनवर पहिल्या ओळीपासून वाचू लागले. वर्ष, महिना, त्या दिवशी तिला कुठे दुखत होतं, चढवल्यावर ती किती दिवसांत खेळायला लागली. प्रत्येक ओळीला शेवटी तेच येत होतं: दोन दिवसांत, तीन दिवसांत, दुसऱ्याच दिवशी. पंधराव्या पिशवीपर्यंत रामरावांनी "हो" म्हणून मान हलवली. मग मान हलवायची थांबली.

चारची गाडी गेली. रामराव साडेपाचच्या गाडीनं गेले. पियुषला फेब्रुवारीत पुन्हा दुखलं, एवढं मनवरांच्या कानावर आलं. रामराव त्याला घेऊन कुठे गेले, हे मनवरांना कळलेलं नाही.